हुर्यो आणि सदतीस नंबर

गेल्या अंकात माझ्या वर्गातल्या एका भांडणाबद्दल लिहिताना मैदानावर ज्याची सतत हुर्यो उडवली गेली त्या सिडनी स्वान्स क्लबच्या आदिवासी फुटबॉलपटूचं, म्हणजे अ‍ॅडम गुड्सचं नाव ओघात आलं होतं. जेमतेम चार ओळी. पण त्यावर एवढी पत्रं आली की या वेळची सगळी जागा त्यालाच देते आहे. नव्या वाचकांसाठी सांगते : मी मूळची कोल्हापूरची. 2002 पासून सिडनीत आहे, इथल्या हायस्कुलात बारा-तेरा वर्षांच्या मुलांना गणित शिकवते. फुटबॉलचं वेड माहेरून घेऊन आले होते, इथे येऊन ते दुसऱ्याच फुटबॉलवर जडलं.

प्रश्न : मी आयुष्यभर शाळेत पी.टी. शिकवली. पायाने खेळतात तो फुटबॉल ठाऊक आहे, रग्बीही टीव्हीवर पाहिली आहे. तुम्ही म्हणता तो खेळ यातला कोणता? — निवृत्त क्रीडाशिक्षक, सांगली

सर, हा तिसराच. इथे लाडाने त्याला 'फूटी' म्हणतात. मैदान क्रिकेटचंच, लंबगोल. ज्या मेलबर्न आणि सिडनीच्या मैदानांवर आपण पहाटे उठून कसोटी पाहतो, तिथेच हिवाळ्यात हा खेळ चालतो. 1859 मध्ये मेलबर्नच्या क्लबवाल्यांनी त्याचे पहिले नियम लिहिले. क्रिकेटवाल्यांना थंडीत अंग मोकळं ठेवायला काहीतरी हवं होतं. एका बाजूला अठरा खेळाडू. चेंडू अंड्यासारखा. दोन्ही टोकांना चार-चार खांब; मधल्या दोहोंतून लाथेने मारलेला चेंडू गेला की सहा गुण, कडेच्या फटीतून गेला की एक. चेंडू हातात धरून पळता येतं, पण फेकायचा नाही. एका तळव्यावर ठेवून दुसऱ्या हाताच्या मुठीने मारायचा. लाथाडलेला चेंडू हवेत स्वच्छ झेलला तर त्याला 'मार्क' म्हणतात आणि झेलणाऱ्याला निवांत किक मिळते. दुसऱ्याच्या खांद्यावर गुडघा टेकवून झेल घेणारे खेळाडू पाहिले की मला दहीहंडीतला वरचा थर आठवतो.

आणखी एक गोष्ट तुम्हाला आवडेल. गोरे लोक यायच्या आधीपासून व्हिक्टोरियातले मूळ रहिवासी पॉसम नावाच्या प्राण्याच्या कातड्याचा चेंडू करून, तो उंच उडवून झेलायचा खेळ खेळत. 'मार्नग्रुक' हे त्याचं एक नाव. आजच्या नियमांत त्याचा किती वाटा, यावर इतिहासकार अजून भांडतात. आदिवासी खेळाडूंना मात्र हा खेळ आपला वाटतो. आणि मैदानावर ते दिसतंही. देशाच्या लोकसंख्येत ते शंभरात तीन-चार, पण गेल्या दशकात वरच्या पातळीवरच्या खेळाडूंत साधारण दहातला एक आदिवासी होता.

प्रश्न : मी कॉलेजच्या संघात डिफेन्सला खेळते. गुड्स या खेळात कसा आला? त्याच्या घरात कुणी खेळाडू होतं का? — विद्यार्थिनी, कोल्हापूर

शाहू स्टेडियमच्या पायऱ्यांवर मी वडिलांच्या शेजारी बसून दाणे खात सामने पाहिले, आणि आज तिथली मुलगी मला हे विचारते आहे. आमच्या वेळी त्या पायऱ्यांवर बाईमाणूस औषधाला नसे. फार बरं वाटलं पत्र वाचून.

गुड्स लहानपणी तुझाच फुटबॉल खेळायचा. जन्म 8 जानेवारी 1980, साउथ ऑस्ट्रेलियातल्या वॉलारू गावचा. आई अद्न्यमथन्हा आणि नरुंगा या आदिवासी समाजांतली, वडील गोरे. तो लहान असतानाच आई-वडील वेगळे झाले आणि आईने तीन मुलगे एकटीने वाढवले. घरं बदलत, गावं बदलत ती व्हिक्टोरियातल्या मर्बीनला आली. त्या गावात सॉकरचा संघच नव्हता! आपल्याकडे ज्या पेठेत जी तालीम, तिचाच पोरगा होतो ना, तसंच झालं. शेजारची मुलं फूटी खेळत होती, हाही खेळू लागला. पुढे हॉर्शम, तिथून बॅलरॅटचा कुमार संघ, आणि 1997 च्या ड्राफ्टमध्ये सिडनी स्वान्सने त्याला घेतला. ड्राफ्ट म्हणजे वर्षातून एकदा क्लबांनी पाळीपाळीने नवी मुलं निवडायची. गुड्सचा नंबर त्रेचाळिसावा. म्हणजे त्याच्या आधी बेचाळीस मुलं उचलली गेली होती.

घरातलं विचारलंस म्हणून आईबद्दल सांगायला हवं. ती 'स्टोलन जनरेशन्स'पैकी. विसाव्या शतकात, साधारण 1970 पर्यंत, सरकारी खाती आणि मिशनवाले आदिवासी मुलांना आईबापांकडून काढून नेत, संस्थांत किंवा गोऱ्या घरांत ठेवत. भाषा, देव, नातलग, सगळं तुटे. देशाच्या पंतप्रधानांनी संसदेत त्याची माफी मागितली ती 2008 च्या फेब्रुवारीत. गुड्सच्या आईलाही असंच लहानपणी नेलं होतं. त्यामुळे घरात आपल्या समाजाबद्दल सांगायला तिच्याकडेच फार थोडं उरलं होतं. तो मोठा झाल्यावर, नावारूपाला आल्यावर, सिडनीच्या इओरा कॉलेजात जाऊन आदिवासी इतिहास शिकला. मला त्याच्या सगळ्या पदकांपेक्षा हे मोठं वाटतं. आईकडून जे हिसकावून घेतलं होतं, ते मुलाने वर्गात बसून, वही-पेन घेऊन परत मिळवलं.

खेळाचं म्हणशील तर 1999 मध्ये पहिला सामना, आणि त्याच वर्षी सर्वोत्तम नवोदिताचा पुरस्कार. 2003 आणि 2006 ला ब्राउनलो पदक. हे पदक पंच देतात. प्रत्येक सामन्यानंतर तीन खेळाडूंना तीन, दोन, एक अशी मतं, आणि मोसमाअखेर बेरीज. 2003 ला तिघांची बेरीज सारखी झाली, तिघांनाही पदक मिळालं. 2005 च्या ग्रँड फायनलला स्वान्स चार गुणांनी जिंकले, 72 वर्षांनी. एकूण 372 सामने, 464 गोल.

तू डिफेन्सला खेळतेस म्हणून सांगते, तो सव्वासहा फुटी माणूस मैदानात कुठेही खेळायचा. तेव्हा पंच चेंडू जमिनीवर आपटून वर उडवत आणि त्यासाठी उंच गडी उडी मारत. बहुतेकांचं काम तिथे संपे. हा उडी मारायचा, खाली यायचा आणि लांब ढांगा टाकत त्याच चेंडूमागे मधल्या फळीतल्या पोरांसारखा धावायचा. 2012 ची ग्रँड फायनल मी शेजारच्या आजींच्या घरी पाहिली. याच आजींनी मला पहिल्यांदा मैदानावर नेलं होतं, लाल-पांढरा मफलर स्वतः विणून दिला होता. सामन्यात गुड्सच्या गुडघ्याचा अस्थिबंध फाटला. तो लंगडतोय हे टीव्हीवर आम्हालाही दिसत होतं. बाहेर गेला नाही. शेवटच्या क्वार्टरमध्ये गर्दीतून त्याने गोल मारला तेव्हा आजींनी माझं मनगट इतकं घट्ट धरलं की वळ उठले. हॉथॉर्नवर दहा गुणांनी जिंकलो.

प्रश्न : हुर्यो उडवणं हा खेळाचाच भाग नाही का? वानखेडेवर 2006 ला खुद्द सचिनची हुर्यो उडाली. तो काही मैदान सोडून गेला नाही, पुढे खेळत राहिला. गुड्सने एवढं मनाला लावून घ्यायचं कारण काय? — एक क्रिकेटप्रेमी, पुणे

तुमचा प्रश्न इथल्याही हजारो लोकांचा होता, म्हणून सविस्तर लिहिते.

वानखेडेवर सचिन एका धावेवर बाद झाला म्हणून लोक ओरडले. वाईटच झालं ते. पण त्या आवाजावर सचिनकडे उतारा होता : धावा. पुढच्या डावात शंभर काढले असते तर तीच पायरी उभी राहिली असती. आता मला सांगा, गुड्सने काय केलं असतं म्हणजे त्याची हुर्यो थांबली असती? चांगला खेळला तर आवाज वाढत होता.

सुरुवात 24 मे 2013 ची. मेलबर्न मैदान, समोर कॉलिंगवुड, आदिवासी खेळाडूंच्या सन्मानाच्या फेरीतला सामना. वीस वर्षांपूर्वी, 17 एप्रिल 1993 ला, याच कॉलिंगवुडच्या जुन्या मैदानावर सेंट किल्डाच्या निकी विनमारने दिवसभर शिव्या ऐकल्यावर जर्सी वर उचलून पोटाच्या काळ्या कातडीवर बोट ठेवलं होतं. तो फोटो इथे पोराटोरांना ठाऊक आहे. दोन वर्षांनी एसेंडनच्या मायकेल लाँगने मैदानावरची शिवी गिळायला नकार दिला आणि 1995 ला वांशिक शिवीगाळीविरुद्ध नियम झाला. पण नियम खेळाडूंपुरता. कुंपणापलीकडे कोण काय बोलेल?

त्या रात्री कुंपणापलीकडून आवाज आला : 'एप'. म्हणजे वानर. गुड्स थांबला, वळला, बोट दाखवलं आणि सुरक्षारक्षकाला सांगितलं की या व्यक्तीला बाहेर काढा. ती तेरा वर्षांची मुलगी निघाली. जिंकत आलेला सामना सोडून तो आत निघून गेला. दुसऱ्या दिवशी पत्रकारांसमोर बसून म्हणाला, वंशद्वेषाला काल चेहरा होता, तेरा वर्षांच्या मुलीचा, पण दोष तिचा नाही. तिला सांभाळून घ्या, असंही लोकांना सांगितलं. मुलीने फोन करून, पत्र लिहून माफी मागितली. थोड्याच दिवसांत कॉलिंगवुड क्लबच्या अध्यक्षांनीच रेडिओवर किंगकाँगवरून त्याच्याबद्दल शेरा मारला. आधी त्यांनीच त्याची भेट घेऊन क्लबतर्फे माफी मागितली होती.

मी रोज तेरा वर्षांच्या मुलामुलींसमोर उभी असते. त्या वयाचं मूल शब्द शोधून आणत नाही, घरात-शेजारी पडलेला उचलतं. गुड्सला ते अपमान झाल्यानंतर चोवीस तासांच्या आत दिसलं. माझ्यासारख्या शिक्षिकेलाही एवढ्या लवकर दिसत नाही.

पण लोकांच्या लक्षात काय राहिलं? 'त्याने एका लहान मुलीला रडवलं.' 2014 च्या जानेवारीत तो 'ऑस्ट्रेलियन ऑफ द इयर' झाला, देशभर फिरून या विषयावर बोलू लागला, आणि हुर्यो वाढत गेली. 29 मे 2015 ला, पुन्हा त्याच सन्मानाच्या फेरीत, सिडनीत कार्लटनविरुद्ध गोल मारल्यावर तो दोन-चार पावलं नाचला आणि हवेत भाला फेकल्याची नक्कल केली. सोळा वर्षांखालच्या आदिवासी मुलांच्या संघाने बसवलेला नाच तो. हातात भाला नव्हता. तरी 'आम्हाला धमकावलं' म्हणून गहजब झाला. त्यानंतर चेंडू त्याच्या हातात आला की दर वेळी हुर्यो, गावोगावी. काही समालोचक सांगत होते की तो फ्री-किकसाठी मुद्दाम पडतो, म्हणून लोक चिडतात. फ्री-किकसाठी पडणारे प्रत्येक क्लबात आहेत. त्यांच्यासाठी कुणी घसा सुकवला नाही.

याच मोसमात मी एकदा मेलबर्नला सामन्याला गेले होते. माझ्या मागच्या रांगेत एक गृहस्थ, पन्नाशीचे, सोबत मुलगा. चेंडू दुसऱ्या कुणाकडे असला की ते मुलाला खेळ समजावत, थर्मासमधून काहीतरी गरम ओतून देत. गुड्सकडे चेंडू गेला की तोंडाभोवती हात धरून हुर्यो. मग परत थर्मास. मुलगाही करू लागला. मी मान वळवली, त्यांच्याकडे पाहिलं, आणि काही न बोलता पुन्हा पुढे पाहू लागले. वेगळ्या रंगाची, वेगळ्या उच्चाराची बाई, एकटी; भीती वाटली म्हणून गप्प बसले. पण एवढ्या लोकांतला एक जण गप्प बसला की मैदानावर तो हुर्योतच मिसळतो, हे मला तिथे बसल्या बसल्या कळत होतं.

26 जुलैला पर्थला वेस्ट कोस्टविरुद्ध कहर झाला. त्याचा आदिवासी सहकारी ल्युइस जेटा गोल मारून त्याच्यासाठी तोच नाच नाचला. गुड्सने रजा घेतली. त्याच्याशिवायचा पहिला सामना 1 ऑगस्टला सिडनीत, अ‍ॅडलेडविरुद्ध. आजी आणि मी गेलो. त्याचा जर्सी नंबर 37, म्हणून ठरलं होतं की तिसऱ्या क्वार्टरच्या सातव्या मिनिटाला सगळ्यांनी उभं राहायचं. आजींचे दोन्ही गुडघे गेलेले. त्यांनी सहावं मिनिट लागल्यापासूनच रेलिंग धरून उठायला सुरुवात केली, म्हणाल्या, मला वेळ लागतो. आणि मग अख्खं मैदान उभं. अ‍ॅडलेडचे पाठीराखेही. खेळ चालूच होता, कुणी चेंडूकडे पाहत नव्हतं. नुसत्या टाळ्या. ज्याच्यासाठी वाजवत होतो तो मैदानात नव्हता.

तो परत आला, मोसम खेळला, 19 सप्टेंबरला नॉर्थ मेलबर्नकडून हरल्यावर सहकाऱ्यांना खोलीत सांगून निवृत्त झाला. ग्रँड फायनलच्या दिवशी निवृत्त खेळाडूंना गाडीतून मैदानाची फेरी घालतात. त्या फेरीत तो नव्हता.

आणि आपणही बाहेरचे नाही या गोष्टीत. 2007 च्या ऑक्टोबरात वानखेडेवर ऑस्ट्रेलियाच्या अँड्र्यू सायमंड्सला पाहून काही लोक माकडासारखे हावभाव करत होते. माझा मामेभाऊ मैदानावर होता. फोनवर म्हणाला, 'अगं, गंमत चालली होती.' 2021 च्या जानेवारीत इथे, याच सिडनी मैदानावर, मोहम्मद सिराज प्रेक्षकांच्या शेरेबाजीची तक्रार घेऊन सीमारेषेवरून चालत पंचांकडे आला. कर्णधार अजिंक्य रहाणे त्याच्यासोबत उभा राहिला, खेळ थांबला, काही प्रेक्षकांना बाहेर काढलं. त्या रात्री भावाचा चिडून फोन आला. मी त्याला फक्त सायमंड्सची आठवण दिली. तो बराच वेळ काही बोलला नाही.

प्रश्न : 'हॉल ऑफ फेम'चा सन्मान त्याने नाकारला असं वाचलं. एवढा राग बरा का? आता तो काय करतो? — गृहिणी, नागपूर

खरं आहे, 2021 मध्ये नाकारला. त्याआधी 2019 मध्ये, त्याच्या अखेरच्या मोसमांवर दोन माहितीपट आले त्या सुमारास, लीगने आणि अठराही क्लबांनी मिळून त्याची जाहीर माफी मागितली होती : आम्ही तेव्हा तुझ्या बाजूने उभे राहिलो नाही. माफी चार वर्षांनी आली. ती कितपत पोचली हे ज्याचं त्याने ठरवायचं. मला त्याच्या नकारात राग दिसत नाही. लग्नात अपमान झालेल्या घरी पुढे बारशाचं आमंत्रण आलं तर माणूस आहेर पाठवतो, जात नाही. तसं मला ते वाटतं.

कामाचं विचारलंत : मायकेल ओ'लॉक्लिन हा त्याचा नातलग आणि स्वान्सचाच 303 सामने खेळलेला गडी. दोघांनी 2009 मध्येच, म्हणजे हे सगळं घडायच्या आधी, 'गो फाउंडेशन' काढलं. आदिवासी मुलामुलींना शाळा-कॉलेजसाठी शिष्यवृत्ती देतं ते.

प्रश्न : माझा मुलगा अकरा वर्षांचा, कबड्डी छान खेळतो. रंगाने सावळा आहे. संघातली मुलं त्याला रंगावरून नाव ठेवून हाक मारतात, सरही हसतात. तो म्हणतो, 'आई, तू काही बोलू नकोस, मला संघातून काढतील.' मी काय करू? — एक आई, इचलकरंजी

ताई, तुमचं पत्र मी तीनदा वाचलं.

मुलगा म्हणतो ते खोटं नाही. बोलणाऱ्याला किंमत मोजावी लागते, वर सगळं लिहिलंच आहे. म्हणून त्याला 'तू शूर हो' असं सांगू नका. अकरा वर्षांच्या मुलाने का म्हणून व्हायचं? गुड्स बोट दाखवून थांबला तेव्हा तेहतीस वर्षांचा होता, दोन ब्राउनलो पदकं त्याच्याकडे होती, आणि तरीही त्याला ते जड गेलं.

बोलायचं तुम्ही. सरांना एकटं गाठा, चारचौघांत नको. हसण्याबद्दल बोलू नका, नाहीतर ते स्वतःचा बचाव करत बसतील. एवढंच सांगा : याला याच्या नावाने हाक मारा, मुलं तुमचंच ऐकून बोलतात. माझ्या वर्गात असं काही झालं की मी फळ्यावरचं गणित अर्धं सोडते, खडू खाली ठेवते आणि ज्याला बोललं गेलं त्याच्या बाकापाशी जाऊन उभी राहते. बोलणाऱ्याकडे नंतर जाते. आधी त्याच्याकडे गेले तर सगळा वर्ग त्याच्याकडे पाहतो, आणि ज्याला लागलं तो पुन्हा एकटा पडतो.

सरांनी ऐकलं नाही तर त्यांच्या वरच्यांना लेखी द्या, प्रत जवळ ठेवा. आणि मुलाचा पुढचा सामना असेल तेव्हा जा. पुढे, दिसेल अशा जागी बसा. तो चढाईला निघाला की त्याच्या पूर्ण नावाने ओरडा. काय झालं ते मला कळवा. पत्ता तुमच्याकडे आहेच.